एक मूठ जास्त

माझ्या मित्राने टपरीवर माझ्या चहात साखर कमी टाकायला सांगितलं, तेव्हाच मी ओळखलं की काहीतरी शिजतंय.

यात संशय घेण्यासारखं काय, असं तुम्ही म्हणाल, कारण तुम्ही माझ्या मित्राला ओळखत नाही. धुळ्यात त्याचं पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचं दुकान आहे. दिवसभर तांब्याची तार गुंडाळणारा हा माणूस कुणाच्याही तब्येतीची चौकशी करत नाही. मला एकदा टायफॉइड झाला होता, तेव्हा तो भेटायला आला, खाटेवर बसला, माझ्यासाठी आणलेली मोसंबी स्वतः सोलून खाल्ली आणि "बरा हो लवकर, कंटाळा येऊन ऱ्हायना" एवढं बोलून गेला. सहावीपासूनची दोस्ती आहे. म्हणजे चाळीस वर्षं होऊन गेली. आणि हा माणूस श्रावणातल्या एका सोमवारी टपरीवाल्याला सांगतो, "ह्याच्यात साखर कमी टाक. वय झालं आता."

मी कप हातात घेतला आणि त्याच्याकडे बघितलं. तो माझ्या कानाकडे बघत होता.

कानाकडे, हे मी पुन्हा सांगतो. आधी मला वाटलं, दाढीचा साबण राहिला असेल. मी कान पुसला. तो दुसऱ्या कानाकडे बघायला लागला.

"काय झालं?"

"काही नही. तुझा जन्म कुठला रे?"

"साताऱ्याचा. तुला माहीत नाही का?"

"नक्की?"

आता हा काय प्रश्न झाला? जन्माच्या वेळी मी हजर होतो, पण शुद्धीत नव्हतो. आईवडिलांनी सातारा सांगितलं, मी मान्य केलं. वडिलांची सरकारी नोकरी. मी अकरा वर्षांचा असताना त्यांची धुळ्याला बदली झाली आणि आम्ही जे इथे आलो ते इथेच राहिलो. आज माझ्या बोलण्यात इतकी खान्देशी आहे की साताऱ्याचे नातेवाईक मला लग्नात बोलतं करून हसतात. पण धुळ्यात मात्र मी अजून "ते सातारकडचे." चाळीस वर्षं इथलं पाणी पिऊन, इथली शेवभाजी पचवून, मी अजून कडचाच.

मंगळवारी त्याने माझ्या वडिलांचा तरुणपणीचा फोटो मागितला. बुधवारी माझ्या नाकाचा मोबाईलवर फोटो काढला, आणि "टेस्ट करून ऱ्हायनू, कॅमेरा नवीन शे" असं सांगितलं. कॅमेरा तीन वर्षं जुना होता. मी घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. ती भाजी निवडत होती.

"विमा उतरवत असेल तुमचा," ती म्हणाली.

"नाकाचा?"

"मग कुणाला तरी दाखवत असेल. स्थळ बघतात तसं."

"या वयात मला कोण बघणार?"

"तेच मी म्हणते," असं म्हणून तिने मेथीची जुडी पुढे ओढली. माझ्या घरात सहानुभूती अशी मिळते.

खरं सांगायचं तर त्या आठवड्यात संशय घ्यायला मला कारणांची कमी नव्हती, कारण तो आठवडा कानबाईचा होता. नागपंचमीनंतरच्या रविवारी खान्देशात घरोघर कानबाई बसते. सुरतेला गेलेले, पुण्याला गेलेले, वर्षभर एकमेकांशी न बोलणारे सगळे भाऊबंद गावाला जमतात, घर सारवून-रंगवून देवी बसवतात. त्यात मुख्य मान असतो रोटांचा. रोट म्हणजे देवीच्या नैवेद्याच्या जाड पोळ्या. त्यांचे गहू कसेही मोजत नाहीत. कुळातल्या एकेका पुरुषाचं नाव घ्यायचं आणि एकेकाच्या नावाने मूठ टाकायची. जितके पुरुष तितक्या मुठी. आणि ते रोट फक्त त्या कुळाच्या माणसांनीच खायचे. बाहेरच्या माणसाला गावजेवण घालतील, पण रोटाचा तुकडा हातावर ठेवणार नाहीत.

त्यामुळे दरवर्षी त्या रविवारी माझा मित्र शिंदखेड्याजवळच्या आपल्या गावी जायचा आणि चारपाच दिवसांनी परत यायचा. माझ्यासाठी न चुकता गावच्या बाजारातली शेव आणायचा. मी शेव खायचो आणि तोंडाने म्हणायचो, "हो, हो, आम्ही बाहेरचे. आम्हाला शेवच." त्याला खजील करायचा माझा हा वार्षिक कार्यक्रम. तो मान खाली घालायचा. मला बरं वाटायचं.

पण मी हे ज्या धिटाईने म्हणायचो, त्या धिटाईच्या खाली एक गोष्ट पुरलेली होती. ती माझ्या बायकोलाही माहीत नव्हती.

सहावीत असताना माझ्या धाकट्या बहिणीच्या जन्मासाठी आई साताऱ्याला गेली होती, आणि वडिलांनी मला आठवडाभर मित्राच्या गावी ठेवलं होतं. नेमके कानबाईचे दिवस. सोमवारी सगळं घर वाजतगाजत देवी पोहोचवायला नदीवर गेलं. माझ्या टाचेत बाभळीचा काटा मोडला होता, म्हणून मी एकटा घरी. भूक लागली. स्वयंपाकघरात धुतल्या फडक्याखाली दुरडी होती. मी फडकं उचललं, वरचा रोट घेतला, त्यावर तूप आणि गूळ घेतला आणि अख्खा खाल्ला. मग फडकं होतं तसं झाकलं. संध्याकाळी मित्राने मला अभिमानाने नियम समजावून सांगितला, की बाहेरच्याने रोट खाल्ला तर देवी कोपते. दोन दिवसांनी त्यांचा पांढरा बैल लंगडायला लागला. मी गोठ्यात जाऊन त्या बैलाची माफी मागितली. माणसांची मागायची हिंमत झाली नाही, ती आजतागायत.

आता तुम्हीच सांगा. कानबाईच्या आठवड्यात मित्र माझा कान बघतो, नाक बघतो, जन्म विचारतो. आणि गुरुवारी सकाळी त्याचा फोन येतो:

"उद्या गावाला चल. आबांनी बोलावलंय."

आबा म्हणजे त्याचे काका, घरातले सगळ्यात वडीलधारे. शेताच्या बांधावरून त्यांनी कोर्टात इतकी वर्षं काढली आहेत की वकीलही त्यांना विचारून तारीख घेतात, असं म्हणतात.

"कशाला?"

"आल्यावर समजेल."

"मी बाहेरचा माणूस. कानबाईच्या तोंडावर माझं काय काम?"

पलीकडून तो म्हणाला, "तेच तर बघायचंय."

सापडलो. चाळीस वर्षांनी सापडलो. कसा, ते कळेना. पण आबांसारख्या माणसाने एवढी वर्षं पुरावे गोळा केले असतील तर नवल नाही.

शुक्रवारी सकाळी मी धुतलेला पांढरा शर्ट घातला. बायको म्हणाली, "छान. आरोपीने नीटनेटकं दिसावं." तिला मी रात्रीच सगळं कबूल केलं होतं. ती एवढंच म्हणाली होती, "तूप पण घेतलंत?"

एसटीत मित्र माझ्या शेजारी बसला होता. सोनगीर गेलं, नरडाणा गेलं. मी खिडकीबाहेर कपाशी बघत होतो, तो माझ्याकडे बघत होता. एकदा त्याने हळूच स्वतःच्या कानाची पाळी चाचपली आणि मग माझ्याकडे बघितलं. मी ठरवलं की याच्या डोक्याला काहीतरी झालंय, आणि तेही बहुतेक त्या रोटामुळेच.

घरात शिरलो तर ओसरीवर बैठकच मांडलेली. मधोमध आबा. त्यांच्या उजव्या हाताला मित्राचा थोरला चुलतभाऊ. त्याला सगळे नाना म्हणतात. नाना शेती बघतात आणि गावात कोण कोणाकडे कशाला गेलं हेही बघतात. चौकटीला टेकून नानांची सून उभी, हातात वही. ती परीक्षांचा अभ्यास करते, तिच्या हातात कायम वही असते. आणि कोपऱ्यात खाटेवर मित्राची आई. आम्ही तिला अक्का म्हणतो. अक्काचा उजवा हात मनगटापासून कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये होता. अंगणात निसरडं झालं होतं, पंधरा दिवसांपूर्वी पडली होती.

आणि ओसरीच्या मधोमध, कोरी चादर पसरून त्यावर गव्हाचा ढीग होता. आरोपीच्या पिंजऱ्यासमोर पुरावा ठेवतात तसा.

"बसा," नाना म्हणाले. मी बसलो. पाणी आलं नाही. खान्देशात घरात पाऊल टाकल्यावर पाणी आलं नाही, तर परिस्थिती गंभीर आहे असं समजावं.

"तुम्हाला का बोलावलं ते माहीत शे ना?" नानांनी विचारलं.

"आहे," मी म्हणालो. नाटकाची आवड मला लहानपणापासून. मी मान खाली घातली. "आज ना उद्या हे होणारच होतं."

मित्राने भिंतीचा आधार घेतला.

"म्हणजे तुला माहीत होतं?" त्याचा आवाज चिरकला.

"पहिल्यापासून."

"आणि तू मला बोलला नही? एवढी वर्षं?"

"कुठल्या तोंडाने बोलणार?"

"कोणी सांगितलं तुला? तुझ्या वडिलांनी?"

"त्यांचा काय संबंध? त्यांना पत्ताच नव्हता."

हे ऐकून मित्र मटकन खालीच बसला. नाना उठून उभे राहिले. "आबा, ऐकलं? वडिलांना पत्ता नव्हता! मी काय म्हणत होतो? आता हा शेतात वाटा मागणार!"

शेत? एका रोटापायी शेत? मी गोंधळून आबांकडे बघितलं. आबा डोळे बारीक करून मला निरखत होते. मग सावकाश म्हणाले, "नाना, तू बस. पोरी, तू सांग. पहिल्यापासून सांग. हे काहीतरी येगळंच चाली ऱ्हायनं."

सुनेने वही उघडली आणि बँकेत हिशोब वाचतात तशा आवाजात सांगितलं. दरवर्षी मुठी अक्का टाकते. ती मनातल्या मनात नावं घेते आणि टाकते, कुणी मोजत नाही. यंदा तिचा हात मोडला, म्हणून गेल्या रविवारी सून टाकायला बसली. सुनेने आधी वहीत सगळ्या पुरुषांची यादी केली, अगदी सुरतच्या तान्ह्या बाळापर्यंत. यादीप्रमाणे सगळ्या मुठी टाकून झाल्या. तेव्हा खाटेवरून अक्का म्हणाली, आखो एक टाक. कोणाच्या नावाची, विचारलं तर अक्का म्हणाली, ज्यानी शे त्यानी. तीन वेळा विचारलं. तीन वेळा तेच. तेव्हापासून ती मूठ टाकायची राहिली होती.

"म्हणजे एक मूठ जास्त," सून म्हणाली. "यादीत नसलेला एक पुरुष."

आता माझ्या डोक्यात उजेड पडायला लागला. यादीत नसलेला पुरुष. कुळातला. ज्याचं नाव अक्का घेत नाही. नानांनी त्याच दिवशी निष्कर्ष काढला होता की माझ्या मित्राच्या कैलासवासी वडिलांचं कुठेतरी दुसरं घर असलं पाहिजे, त्या घरात मुलगा असला पाहिजे, आणि तो एक दिवस सात-बारा घेऊन दारात उभा राहणार. आणि माझ्या मित्राने, बापावर जीव असलेल्या त्या बिचाऱ्याने, रात्ररात्र विचार करून शोधलं होतं की लहानपणापासून या घरात कारणाशिवाय येणारा-जाणारा बाहेरचा पोरगा एकच होता.

"तू," मी मित्राला म्हणालो, "तू माझे कान तुझ्या कानांशी जुळवत होतास?"

त्याचे कान लाल झाले.

"अरे माझे आईवडील साताऱ्यात लग्न होऊन, साताऱ्यात संसार करून…"

"मग तुला काय माहीत होतं पहिल्यापासून?" नाना कडाडले.

आता सुटका नव्हती. एकीकडे मित्राच्या वडिलांची अब्रू, ज्यांनी मला हाताला धरून गावची जत्रा दाखवली होती. दुसरीकडे माझी लाज. मी उभा राहिलो, हात जोडले. इतके दिवस मी मनात हे भाषण पाठ केलं होतं, त्यात देवी होती, भूक होती, बालपण होतं. तोंडातून एवढंच निघालं:

"मी रोट खाल्ला होता."

"कधी?"

"सहावीत. तुम्ही सगळे नदीवर गेला होता. एक अख्खा. तूप-गुळाशी."

मग मित्र, ज्याचं जग पुन्हा सरळ व्हायला लागलं होतं, हळूच म्हणाला, "गूळ पण?"

"आणि तुमचा पांढरा बैल माझ्यामुळे लंगडला."

"तो बैल दर पावसायामा लंगडे," खाटेवरून आवाज आला.

सगळ्यांनी वळून बघितलं. अक्का डाव्या हाताने पदर सावरत होती.

"मी मोजेल व्हतात रोट," ती म्हणाली. "परत उनू तर एक कमी. कोणी खादा व्हई? घरमा हाऊच एकला व्हता. आन याना व्हटले तूप."

"अक्का, तुम्हाला तेव्हाच कळलं होतं?"

"तोंड पुसाले बी शिकेल नव्हता तू."

"मग बोलली का नही?" आबांनी विचारलं.

"बोलती तर सासू बोंब मारती. बाहेरनाने खादा, देवी बाटनी, आते काय कर, आन काय नही." तिने प्लास्टरचा हात मांडीवर नीट ठेवला. "मी इचार करा, बाहेरनाने खादा तर वाईट शे ना? मंग तो बाहेरना ऱ्हायना नही पाहिजे. दुसरा सालपासून त्यानी मूठ टाकाले लागनू. मूठ टाकी म्हंजे घरना झाया. घरनाने खादा, मंग चोरी कसानी?"

मी हे तुम्हाला जसंच्या तसं सांगतोय. एका गुन्ह्यासाठी शिक्षा शोधण्यापेक्षा तिने आरोपीलाच कुळात भरती करून गुन्हा मिटवला होता. आणि गेली चाळीस वर्षं माझ्या नावाचे गहू दळले जात होते, त्याचे रोट हे लोक खात होते, आणि मी धुळ्यात शेव चघळत यांना टोमणे मारत होतो.

"पण अक्का," मी म्हणालो, "मूठ माझी होती, तर मला एकदाही रोट का दिला नाही?"

"एक खायेल व्हता ना तू आगाऊ."

आबा हसायला लागले. त्यांचं हसू आवाज करत नाही, फक्त पोट हलतं. मित्रही हसायला लागला, पण डोळे पुसत. सुनेने मात्र वहीवर पेन टेकवलं होतं.

"म्हणजे मी या घरात चार वर्षं राबते, माझी मूठ नाही, कारण मूठ पुरुषांचीच. आणि हे धुळ्याचे काका एकदा चोरून खाऊन गेले, त्यांची आहे?"

"ते तू तुन्हा राज्यमा बदल," अक्का म्हणाली. सुनेने ते वहीत लिहून घेतलं. मी बघितलं, खरंच लिहून घेतलं.

एवढ्यावर प्रकरण मिटायला हरकत नव्हती. पण नानांच्या कपाळावरची आठी गेली नव्हती. हसणाऱ्या माणसांवर त्यांचा विश्वास नसतो.

"ते ठीक शे," ते म्हणाले. "पण उद्या कोणी म्हणालं, मूठ शे म्हंजे वाटा बी शे, तर? लिहून द्यावं लागेल. वही आण. लिही, की मी, अमुक अमुक, या कुळाच्या स्थावर जंगम मिळकतीवरचा माझा सगळा हक्क राजीखुशीने सोडत आहे."

"लिहितो," मी म्हणालो. खरं तर त्या क्षणी मी काहीही लिहून दिलं असतं. सुनेने सुंदर अक्षरात मजकूर लिहिला. मी झोकात सही केली, खाली तारीख टाकली. नानांनी कागद हातात घेतला, समाधानाने दोन वेळा वाचला आणि आबांना दिला. आबांनी चष्मा लावला.

"नाना," आबा म्हणाले, "हक्क कोण सोडस?"

"ज्याचा असतो तो."

"आन ज्याना हक्कच नही, तो काय सोडी?"

नाना कागद परत घ्यायला पुढे वाकले.

"तू आज याना हातथीन लिखी घेतं की याना या घरमा हक्क व्हता. साक्षीले आम्ही बठ्ठा, सगळी ओसरी. हाऊ कोरटमा गया तर पयला हाऊच कागद दाखाडी." आबांनी चष्मा काढला. "इतला वरीस मी कोरटमा गयू, पण असा पुरावा मना दुश्मनले बी मी कधी दिना नही."

नानांनी कागद हिसकावला आणि त्याचे इतके बारीक तुकडे केले, की ते गव्हात पडू नयेत म्हणून सुनेला चादर बाजूला ओढावी लागली. मी उगाच म्हणालो, "राहू द्या नाना, मी दुसरा लिहून देतो." त्यांनी माझ्याकडे जे बघितलं, त्यात मला पहिल्यांदा जाणवलं की हा माणूस मला गांभीर्याने घ्यायला लागलाय.

"मूठ बंद करा," नाना म्हणाले. "अक्कानी टाकली ते टाकली. चूक मिटली. आता यंदापासून नको. गिरणीवाला बी थांबेल नही, बाराला लाईट जाते."

आता हसणं थांबलं. कारण हे बरोबरच होतं. माझी चूक मिटली होती, वडिलांवरचा डाग गेला होता, यादी आणि ढीग जुळले होते. माझ्या मुठीची गरज कोणालाच उरली नव्हती. मी ढिगाकडे बघत होतो. त्यात माझा एक दाणा नव्हता. अर्ध्या तासापूर्वी मला त्यातलं काही नको होतं, फक्त सुटका हवी होती. आणि आता, तुम्ही हसाल, पण मला ती मूठ अशी हवी होती, की मागायला तोंड उघडेना. साताऱ्यात माझं घर उरलेलं नाही. धुळ्यात मी कडचा. मूठभर गहू, त्यातही कोणीतरी माझं नाव घेऊन टाकलेले, असे जगात दुसरे कुठे नव्हते.

मी एरवी कुठल्याही बैठकीत बोलल्याशिवाय राहत नाही. तिथे गप्प राहिलो. मागून घेतलेली मूठ ती मूठ नाही, एवढी अक्कल त्या दिवशी कुठून आली कोण जाणे.

आबा मित्राला म्हणाले, "तू बोल. दोस्त तुन्हा शे."

माझा मित्र सभेत बोलणारा माणूस नाही. त्याने घसा साफ केला. "आबा, मी पाच दिवस झोपलो नही. मनात म्हणलं, बापाने असं करायला नको होतं." तो थांबला. "पण मग दुसरा विचार बी येत होता. येतच होता. म्हणलं, हा निघाला भाऊ, तर तेवढं तरी बरं होईल."

मी गव्हाकडेच बघत राहिलो, कारण वर बघितलं असतं तर माझी सगळी नाटकं तिथेच संपली असती.

"नाना," आबा म्हणाले, "टाक मूठ."

"मी?"

"तूच. मंग पुढला साल तूच इचारणार नही, कोणी टाकी म्हणून."

नाना बसले. बाजूच्या गव्हाच्या पोत्यात हात घातला, मूठ बाहेर काढली. ती इतकी आवळलेली होती की तीत दहा दाणे असतील की नाही शंका. अक्का खाटेवरून म्हणाली, "नाना, तुन्हा हात मोडेल शे का मन्हासारखा? भरीसन टाक." नानांनी पुन्हा हात घातला. या वेळी मूठ भरून आली. तोंडातल्या तोंडात त्यांनी माझं नाव घेतलं. चुकीचं घेतलं, आडनाव अर्धंच घेतलं. पण घेतलं. सुनेने वहीत यादीच्या खाली एक ओळ वाढवली.

मग पाणी आलं. मी दोन तांबे प्यायलो.

मला वाटलं आता चहा होईल, कौतुक होईल, लहानपणच्या गोष्टी निघतील. आबांनी ढिगाकडे बोट दाखवलं. "भर पोतामा आन ली जा गिरणीवर. घरना माणूस बसी ऱ्हात नही." पांढऱ्या शर्टाचं मी कोणाला सांगणार? पोतं पाठीवर घेतलं. शिवाय सुनेने जाता जाता बजावलं की भाऊबंद कमी जमणार आहेत, सुरतचे दोघं येत नाहीत, आणि रोटांचं पीठ उरवायचं नसतं. तेव्हा काका, तुम्ही रविवारपासून पीठ संपेपर्यंत इथेच. मी बायकोला फोन केला. ती म्हणाली, "या वेळी मोजून खा."

गिरणी गावाच्या दुसऱ्या टोकाला. माझा मित्र पोत्याला मागून हात देत होता, म्हणजे फक्त हात लावत होता. नाना दोन पावलं मागे, नजर पोत्यावर. वाटेत कोणी "कथा चालनात?", म्हणजे कुठे निघालात, असं विचारलं की नाना म्हणायचे "गिरणीवर," आणि माझ्याबद्दल काही बोलायचे नाहीत.

गिरणीवाल्याने पोतं उतरवून घेतलं. देवीचं दळण, म्हणून जातं झाडून पुसून ठेवलं होतं. त्याने माझ्या शर्टाकडे, घामाने धुरकटलेल्या चष्म्याकडे नीट बघितलं.

"नाना, हाऊ कोण शे?"

माझा मित्र उत्तर द्यायला पुढे झाला. नानांनी त्याला हाताने थांबवलं. मग ज्या सुरात ते स्वतःच्या सख्ख्या भावाबद्दल बोलतात, नेमक्या त्याच सुरात म्हणाले:

"आम्हना भाऊबंद शे. पीठ भरस तवलोंग यानावर ध्यान ठेव."

गिरणीवाल्याला लगेच पटलं. त्याने समजल्यासारखी मान हलवली, आणि दळणाचा डबा माझ्यापासून हातभर लांब सरकवला.